आठ तास हात लावू नये

...आणि बाटलीवर लिहितात काय, तर 'एकसारखा रंग, एकही पट्टा नाही, घरच्या घरी, अगदी सोप्पं!' सोप्पं? कुणाच्या घरी सोप्पं? ज्यानं हे लिहिलं ना, त्याला म्हणावं ये आमच्या घरी, गुरुवारी दुपारी बारा वाजता ये, स्वयंपाकघरात माझी आई दोनशे सँडविचांना लोणी फासत बसलीय, क्लबातून उसनं आणलेलं चहाचं पिंप गळतंय, अंगणात खुर्च्या उतरवताहेत, आणि बैठकीच्या खोलीत माझी बहीण नोरीन, पेटीत. पेटीत म्हणजे त्याच पेटीत हो. मंगळवारी गेली ती. आणि मी तिच्या उशाशी उभी, हातात ती बाटली... आता करून दाखव म्हणावं सोप्पं!

तुम्हाला सांगते, नंतर मला सगळे विचारायचे, ब्रीज, तुला तेव्हा कसं गं वाटत असेल? काही नाही. खरंच काही नाही! दाढ काढताना इंजेक्शन देतात, मग गाल कसा होतो? असतो आपलाच, पण चावला तरी कळत नाही. तसं अख्ख्या अंगाला. मंगळवारी डॉक्टर बाहेर आले, म्हणाले, "ब्रीज, गेली ती." मी म्हटलं, बरं. "जरा बसता का?" मी म्हटलं, बरं. बसले. अर्ध्या तासानं त्यांनीच सांगितलं की आता उठलात तरी चालेल, तेव्हा उठले.

पण नोरीन कोण ते आधी सांगते, नाहीतर तुम्ही म्हणाल ही बाई डोक्यावर पडलीय. नोरीन माझ्याहून दोन वर्षांनी मोठी, छप्पन्न पूर्ण, शाळेची बस चालवायची, आणि ब्राऊन! बारा महिने ब्राऊन! आता आमच्या रॉसकॉमनमध्ये ऊन म्हणजे पाहुणा, तोही चहाला न थांबणारा. आम्ही बाकीचे सगळे कसे, दुधावरची साय. आणि ही बाई जानेवारीत, पाऊस आडवा लागतोय, खिडकीतून कोपरापर्यंत हात बाहेर काढून उभ्या गावाला हात दाखवत चाललीय, आणि तो हात खारकेसारखा! शाळेत नव्यानं आलेल्या बाईंनी एकदा तिला विचारलं, "तुमचं घराणं मूळचं स्पेनचं का हो?" महिनाभर खूश होती. महिनाभर! दोनदा तर तिनं बसमध्ये चढणाऱ्या पोरांना स्पॅनिशमध्ये नमस्कार घातला.

आणि हे सगळं बाटलीतलं, ऊन लागल्यासारखी कातडी दाखवणारा रंग. दर गुरुवारी संध्याकाळी आंघोळ, मग खसाखसा घासणं, मग रंग. पुढचं सगळं ती स्वतः करायची. पाठीचं काय? पाठीला आपला हात पुरत नाही, कुणाचाच पुरत नाही, म्हणून पाठ माझ्याकडे. तीस वर्षं! माझं लग्न झालं, पोरं झाली, पोरांची लग्नं झाली, गुरुवार चुकला नाही. ती बाथरूममध्ये स्टुलावर उलटी बसणार आणि तिथून हुकूम सोडणार. "हातमोजा घातलास?" घातला. "गोल गोल फिरव, झाडू मारल्यासारखं नको!" गोलच फिरवतेय. "कोपराला आधी मलम! कोरडी कातडी अधाशी असते मेली, सगळा रंग पिऊन टाकते!" लावलं मलम. "मनगटाला वेगळं घेऊ नकोस, उरलंसुरलं ओढ तिकडे!" ओढते. आणि मग शेवटी, दर गुरुवारी, न चुकता, आवाज चढवून... "एक पट्टा दिसला नाही पाहिजे, ब्रीज!" मी म्हणायचे, बरं.

तर ही नोरीन सहा आठवडे हॉस्पिटलात. हृदयाचं दुखणं. आता हॉस्पिटलात रंग टिकतो होय? ते रोज ओल्या स्पंजानं पुसणार, इथे सुई, तिथे चिकटपट्टी, आणि पट्टी काढली की रंगासकट निघणार. चौथ्या आठवड्यात तिच्या हातांचा नकाशा झाला होता. स्वतःकडे बघायची नाही. एक दिवस म्हणाली, "ब्रीज, मी गेले ना..." मी म्हटलं, गप्प बस. "गप्प काय, ऐक! मी गेले ना की मला पांढरी जाऊ देऊ नकोस. गावानं मला पांढरी बघितलेली नाही. मी पेटीत पांढरी दिसले तर लोक म्हणतील ही कोण, आणि निघून जातील दुसऱ्या घरी." नाकात नळी, ओठ निळे, आणि वर परत, "एक पट्टा दिसला नाही पाहिजे!" काय बोलणार तुम्ही? मी म्हटलं, बरं.

म्हणजे झालं. शब्द दिला. आता हा शब्द घेऊन मी गुरुवारी दुपारी गिल्हूलींसमोर. गिल्हूली म्हणजे आमच्याकडे अंत्यविधीचं सगळं तेच बघतात, आमच्या वडलांचंही त्यांनीच केलं होतं, सभ्य माणूस, इतकं हळू बोलतात की दोनदा विचारावं लागतं. त्यांनी पेटी आणली, झाकण काढलं, आणि आत... गुलाबी! अहो, जन्मात नव्हती इतकी गुलाबी! अंगात तिचा तो हिरवा, बिनबाह्यांचा झगा, तिनंच निवडलेला, आणि त्यातून बाहेर आलेले दोन दंड, पांढरे, त्यावर जुन्या रंगाचे डाग. मी म्हटलं, गिल्हूलीसाहेब, ती ब्राऊन होती. ते म्हणाले, "ब्रीज, आमच्याकडे दोनच रंग येतात. एक बायकांचा, एक पुरुषांचा." मी म्हटलं, पुरुषांचा कसाय? तर म्हणतात, "तोही हाच. फक्त लिपस्टिक नसते."

आणि तेवढ्यात आई आली, हाताला लोणी. एक्याऐंशी वर्षांची आहे. तिला नोरीनचा रंग कधीच पटला नाही, "देवानं दिलेला रंग याहून काय वाईट होता?" हे मी तीस वर्षं ऐकतेय. तर ती आली, पेटीशी उभी राहिली, बघितलं, आणि म्हणाली, "बघ किती स्वच्छ दिसतेय. शेवटी माझी पोर मला परत मिळाली." आता बोला! एका बाजूला ही, एका बाजूला ती, आणि दोघींना शब्द देणारी मीच. आई म्हणाली, "आता तिला अशीच राहू दे हं, ब्रीज." मी म्हटलं, बरं.

गिल्हूली गेले. आई सँडविचांकडे गेली. लोक यायचे तीन वाजता. मी दार लावलं. आईला सांगितलं, जपमाळ म्हणते.

पर्समध्ये दोन बाटल्या, नोरीनच्या कपाटातून आणलेल्या. एकीत गडद तपकिरी फेस, एकीत पाण्यासारखा रंग, म्हणजे लावताना पाणीच, मग आठ तासांनी उमटतो. आणि इथेच चूक झाली, तुम्हाला सांगते, इथेच! आणि ती का झाली? मॅलाकीच्या लग्नामुळे!

मॅलाकी आमचा धाकटा भाऊ. शेती बघतो. अकरा वर्षांपूर्वी त्याचं लग्न, सकाळची वेळ, नवरी ओर्ला पांढऱ्याशुभ्र झग्यात तयार, आणि आमची नोरीन धावत गेली आणि मारली तिला मिठी. मनापासून मारली, तिला अर्धवट काही यायचंच नाही. आणि अंगावर फेसाचा रंग, ओला! ओर्ला चर्चमध्ये चालत गेली, सगळं गाव उभं राहिलं, आणि पाठीवर दोन तपकिरी पंजे! दहा बोटं, हवी तर मोजून घ्या! ओर्ला बिचारी एकदा रडली आणि विसरली. मॅलाकी विसरला नाही. जेवणाच्या वेळी सगळ्यांसमोर म्हणाला, "नोरीन, तुला एक दिवस, एक दिवस पांढरं राहता आलं नाही?" ती माफी मागायला उठली होती हो! मी बघितलं होतं. पण हे ऐकलं आणि म्हणाली, "एक डाग सोसत नाही तर लग्न कशाला करतोस?" संपलं. अकरा वर्षं. दोन मैलांवर घर. तिची बस रोज दोनदा त्याच्या फाटकावरून, त्याचीच पोरं त्या बसमध्ये, ती खिडकीतून हात दाखवायची, तो कुंपणाची तार बघायचा. कुंपणाच्या तारेत अकरा वर्षं बघण्यासारखं काय असतं? हॉस्पिटलात आला होता म्हणे एकदा. तासभर गाडीत बसला, खालीच, आणि परत गेला.

तर त्या लग्नापासून नोरीननं फेस सोडला, पाण्यासारखाच वापरायची, फेसाची ती बाटली नुसतीच पडून होती, कारण पाण्यासारखा कपड्याला डाग पाडत नाही. आणि पेटीत आत सगळीकडे पांढरं सॅटिन. मी विचार केला, डाग नको बाई पुन्हा, पाण्यासारखाच घेऊ. त्या अख्ख्या आठवड्यात मी केलेला हा एकमेव विचार, आणि तो हा!

घातला हातमोजा. आत रबरी, वर मखमली, नोरीनची शिस्त. गिल्हूलींचं गुलाबी सगळं पुसून काढलं. कोपराला मलम. डाग घासले, हलक्या हातानं. मग रंग. कपाळ, गाल, मान, गळा, दंड, हात... गोल गोल, झाडू मारल्यासारखं नाही, मनगटाला उरलंसुरलं. आणि कळेना! कुठे लागलाय, कुठे राहिलाय, पाणीच ते! जिवंत माणसाच्या अंगावर दोन मिनिटांत वाळतं, इथे वाळेचना. थंड होती ना ती. सगळं वरच्यावर, ओलंच्या ओलं. मी फुंकर मारली. तुम्हाला सांगते, मी माझ्या मेलेल्या बहिणीच्या दंडावर फुंकर मारत उभी होते, आणि मला रडू नाही, भीती नाही, काही नाही, डोक्यात एकच, हे वाळत का नाही!

मग बाटली वाचली. चष्मा लावून वाचली. लिहिलंय, 'हे द्रव्य कातडीच्या वरच्या, मेलेल्या थरावर काम करते.' मी दोनदा वाचलं. मेलेल्या थरावर. म्हटलं, मग अडचण काय? पुढे लिहिलंय, 'रंग उमटेपर्यंत आठ तास हात लावू नये.' बरं. म्हटलं कमी पडायला नको, दुसरा हात दिला. मग तिसरा. आणि बाहेरून टकटक.

"ब्रीज, झाली का जपमाळ?"

"शेवटचा भाग चाललाय!"

"मला तर काही ऐकू येत नाही."

"मनात म्हणतेय, आई!"

"मनातली जपमाळ कधीपासून निघाली?" असं बडबडत गेली.

तीन वाजले. आणि लोक! शाळेच्या बसवाल्या बाईला किती माणसं ओळखत असतात तुम्हाला कल्पना नाही. तीस वर्षांत बसमधून नेलेली पोरं, त्यांचे आईबाप, आता त्या पोरांची पोरं. रांग फाटकापर्यंत. आधी दाराशी आमच्याशी हात मिळवायचा, मग आत तिच्याकडे जायचं. "फार वाईट झालं, ब्रीज." बरं. "फार वाईट झालं." बरं. "फारच वाईट झालं गं." बरं, बरं, बरं... पाच तास! चहा ओतणारी माणसं बदलली, मी तीच.

आणि आत काय चाललं होतं? आत सगळे तिला हात लावत होते! लावणारच! आमच्याकडे मेलेल्या माणसाच्या हाताला हात लावतात, नाही लावला तर स्वप्नात येतं म्हणतात, मग जो तो तिचा हात दाबतोय, कपाळाची पापी घेतोय, फादर कॉन्रींनी अंगठ्यानं तिच्या कपाळावर क्रूस काढला. असम्प्टामावशीनं तीनदा पापे घेतले आणि गाल गालाला लावून ठेवला. आता बाटली म्हणते आठ तास हात लावू नये. तुम्हीच सांगा, मी काय करणार होते? बागेतल्या बाकाला रंग दिला की पाटी लावतात, तशी पाटी लावू? शिवाय आईला कळलं असतं. आणि म्हटलं पाणीच तर आहे, पुसलं जाईल थोडं, जाऊ दे. तळहाताला कातडी असते हे मला सुचलं नाही. त्या दिवशी मला स्वतःचं नाव कुणी हाक मारल्यावरच आठवत होतं.

आणि लोक काय म्हणताहेत? "किती तेज आहे चेहऱ्यावर!" तेज नव्हतं हो, ओली होती. "अगदी आत्ता झोपल्यासारखी वाटते, घाम आल्यासारखी." आई म्हणाली, "हॉस्पिटलात तिला मॉइश्चरायझर लावत असतील."

मी? मी नाही लावला हात. मला एकटीलाच माहीत होतं ना रंग ओला आहे. म्हटलं आपण उद्या सकाळी, वाळल्यावर.

आणि मॅलाकी कुठे? मॅलाकी गाड्या लावत होता! अंगात ते चकाकतं पिवळं जाकीट, फाटकाशी उभा, दुपारी तीनपासून, "थोडं मागे घ्या, अजून, अजून, बस." शेजाऱ्यांची पोरं होती की त्या कामाला. पण नाही. सख्खी बहीण आत पेटीत, आणि हा बाहेर शेतात गाड्यांच्या रांगा सरळ करतोय. मी चहा घेऊन गेले एकदा. म्हटलं, मॅलाकी, आत ये. म्हणाला, "अजून गाड्या येताहेत, ब्रीज." एकही येत नव्हती. मी म्हटलं, बरं. चहा फाटकाच्या खांबावर ठेवला.

आठ वाजता लोक पांगले. जूनचा महिना, बाहेर लख्ख उजेड. आम्ही सगळे स्वयंपाकघरात सूप प्यायला. पेटीपाशी एकटी असम्प्टामावशी, कारण मेलेल्या माणसाला एकटं सोडायचं नसतं, आणि असम्प्टामावशी डोळे मिटून जपमाळ म्हणते आणि दुसऱ्या मण्याला घोरायला लागते.

सकाळी आई न्याहारीला आली. आणि तिच्या तोंडाभोवती एक गोल. तपकिरी. कपाच्या कडेएवढा. मी बघत राहिले. म्हणाली, "काय बघतेस?" मी म्हटलं, चहा लागलाय. तिनं पुसला. गेला नाही. "कसला चहा घेतलास तू यंदा, डाग जात नाही!" मग तिनं ब्रेड उचलला आणि मला तिचा तळवा दिसला. आणि तुम्हाला सांगते, मी उठले आणि पळत बैठकीच्या खोलीत गेले. आईच्या तोंडाचं मनातही आलं नाही, मी म्हटलं, उमटला! उमटला म्हणजे, तिलाही उमटला असणार!

पांढरी.

अहो, पांढरी शुभ्र! कपाळ, गाल, हात, सगळं! तीन हात दिले होते मी, तीन! खिडकीचा पडदा सरकवला, मोबाइलचा दिवा लावून बघितलं, कानामागे बघितलं, कोपरापाशी बघितलं. काही नाही. पट्टा नाही, कारण रंगच नाही. तेवढ्यात गिल्हूली आले, हळूच म्हणाले, "ब्रीज, वेळ झाली. कुणाला अजून भेटायचंय?" आईनं पापी घेतली. मावशीनं घेतली. मी अजून दिवा घेऊन कोपर बघतेय. गिल्हूलींनी माझ्याकडे बघितलं. "ब्रीज? झाकण लावू?" मी म्हटलं, बरं.

आणि लावलं हो त्यांनी!

चर्च. अकराची मिस्सा. आणि चर्चमध्ये हळूहळू... आधी एकानं तळवा बघितला, मग त्याच्या बायकोनं, मग मागच्या बाकावर कुजबुज. पेटी उचलणारे सहा जण, सहाही जणांचे उजवे हात तपकिरी. शाळेच्या मुख्याध्यापकांच्या चार बोटांची टोकं, कारण त्यांनी नुसती टोकंच टेकवली होती, तेवढीच त्यांची माया. असम्प्टामावशीचा एक गाल! एकच! एका बाजूनं मावशी, दुसऱ्या बाजूनं स्पेन! पोस्टातल्या मिसेस क्विग्ली बाकावरून पुढे वाकल्या, माझ्या कानात, "ब्रीज, रागावू नकोस हं, एक विचारू? नोरीनला जे झालं होतं ते... लागणारं तर नव्हतं ना?" मी म्हटलं, हृदयाचं होतं. "हो ते माहितीय गं, पण लागतं का?" मी म्हटलं, नाही. तिचं कुणाला लागत नाही. त्यांनी डॉक्टरांकडे बघितलं, आणि डॉक्टर आपले हात मांडीखाली घालून बसलेले!

आणि वर वेदीवर फादर कॉन्री, त्यांनी हात उंच केले आणि अंगठा! उजवा अंगठा, पेढ्याच्या रंगाचा! त्यांना ठाऊकच नाही. कम्युनियनला, म्हणजे प्रसादाची भाकर घ्यायला, लोक एकेक करून पुढे येऊन तळवे पसरताहेत, आणि फादर बघताहेत, तपकिरी, तपकिरी, तपकिरी, त्यांचा आवाज बारीक होत चाललाय. पण ते नंतर. कारण त्याच्या आधी आईनं माझा गुडघा दाबला.

ती स्वतःच्या हाताकडे बघत होती. पुढे बघूनच म्हणाली, अगदी हळू, "नोरीनच्या बाटलीतलं ना हे?"

मी म्हटलं, हो.

"जपमाळ कुठली म्हणत होतीस तू."

मी म्हटलं, नाही म्हटली.

वाटलं आता रागावेल. चर्चमध्येसुद्धा तिचा राग सोळाव्या बाकापर्यंत जातो. पण ती हात उलटसुलट करून बघत राहिली. मग म्हणाली, "सगळ्यांना लागलं. मग तिलाच का नाही लागलं?"

मी म्हटलं, ती थंड होती, आई.

तिनं हात मिटला आणि मांडीवर ठेवला. मग म्हणाली, "दाखव तुझा." मी दाखवला. दोन्ही दाखवले. मला हातमोजा होता ना. अख्ख्या गावात पांढऱ्या दोघीच, ती पेटीतली आणि मी बाकावरची. तेव्हा, तुम्हाला सांगते, तेव्हा पहिल्यांदा मला काहीतरी टोचलं. दाढेचं औषध उतरायला लागलं की कसं टोचतं, तेवढंच. मग गेलं.

आणि फादर म्हणाले, एकमेकांना शांती द्या. आता शांती द्यायची म्हणजे हात मिळवायचा, आणि अख्खं चर्च हात खिशातून काढेना! शेवटी हळूहळू निघाले. पलीकडच्या बाकावर मॅलाकी, ओर्ला, पोरं. मॅलाकी उठला, मधली वाट ओलांडली, आणि माझ्यासमोर उभा. सूट घातलेला. त्यानं हात पुढे केला.

मी बघितलं. आणि मी तीस वर्षं हे काम केलंय हो, मला कळतं. बाकीच्यांचे हात कसे होते? कुठे ठिपका, कुठे बोटांच्या रेघा, कुठे अर्धा तळवा, कारण माणसं हात लावतात, दाबतात आणि काढून घेतात, सरकला हात की पट्टा. मॅलाकीचा हात मनगटापर्यंत एकसारखा. तळवा, बोटांच्या मधल्या जागा, आणि दुसरा हात बाजूला लोंबत होता, तोही तसाच. नोरीनचा हात दोन्ही हातांत धरला असणार. आणि न हलता धरला असणार, बराच वेळ. तास असेल. त्याशिवाय असा येत नाही. नोरीनलाही माझ्या हातून इतका एकसारखा कधी मिळाला नाही. एक पट्टा नव्हता.

त्यानं बघितलं की मी बघितलंय. कान लाल झाले त्याचे. म्हणाला, "निघत नाही गं, ब्रीज. साबणानं घासला, डिझेलनं घासला."

मी म्हटलं, आठवडाभर राहतो.

तो म्हणाला, "आठवडाच?"

मी त्याचा हात धरला. आणि सोडला नाही. मागे लोक खोळंबलेत, फादर वर थांबलेत, ओर्ला बघतेय, आणि मी माझे दोन्ही तळवे त्याच्या हातावर दाबले, घासले, पुन्हा घासले, काय करत होते कुणास ठाऊक. मग उघडून बघितले. तसेच. पांढरे. मॅलाकी म्हणाला, "अगं, आता नाही लागायचा तो कुणाला. पक्का झाला."

मी म्हटलं, बरं.